अंगठी कोणी धरली होती?

शिवाजी महाराजांच्या राज्याभिषेकाचा दिवस उलटला की त्या एका इंग्रजाबद्दलची पत्रं माझ्याकडे यायला लागतात. यंदाही आली. आमच्या रेवदंड्याला जूनमध्ये पत्र कोरडं मिळणं कठीण. पोस्टमन प्लास्टिकच्या पिशवीत घालून आणतो, तरी दोघांची शाई फुटलीच. जेवढी वाचता आली तेवढ्यांना उत्तरं देते.

महाडहून एक वाचक लिहितात: ‘राज्याभिषेकाला इंग्रज राजदूत हेन्री ऑक्झेंडन हजर होता असं आम्ही लहानपणापासून वाचत आलो. आता माझा सातवीतला मुलगा विचारतो, राजदूत होता तर रायगडावर इंग्रजांची वकिलात कुठे होती? गडावर एकाला विचारलं, तर त्याने एका जोत्याकडे बोट दाखवून “ती बघा” म्हणून सांगितलं. खरं काय?’

जोतं राहू द्या. रायगडावर वकिलात नव्हती, आणि ज्याला आज आपण राजदूत म्हणतो तसा ऑक्झेंडनही नव्हता. इंग्लंडच्या राजाने मुंबई बेट १६६८ साली ईस्ट इंडिया कंपनीला देऊन टाकलं होतं, वर्षाला दहा पौंड भाड्याने. त्या कंपनीचा मुंबईचा गव्हर्नर जेराल्ड ऑन्जियर, आणि त्याने पाठवलेला हा ऑक्झेंडन. म्हणजे एका व्यापारी पेढीचा माणूस एका राजाकडे आला होता. आपल्याकडे अशा माणसाला हेजीब म्हणत, नाहीतर वकील. यायचं, धन्याचं म्हणणं मांडायचं, जबाब घ्यायचा आणि परतायचं. त्याला गडावर उतरायला घर दिलं होतं, पण पाहुण्याला देतात तसं.

माझ्या भाच्याला व्हिसासाठी मुंबईला वकिलातीत जायचं होतं तेव्हा आमच्या सासूबाई घाबरून म्हणाल्या होत्या, ‘कसला दावा लागलाय रे तुझ्यावर?’ सगळे हसलो. पण १६७४ पुरतं बोलायचं तर सासूबाईंचंच बरोबर होतं. ऑक्झेंडन आला होता तो एका दाव्यापायीच.

दावा राजापूरचा. १६६० साली सिद्दी जौहरने पन्हाळ्याला वेढा घातला, तेव्हा राजापूरच्या वखारीतले इंग्रज त्याच्या मदतीला तोफा आणि दारूगोळा घेऊन गेले. तेही लपूनछपून नाही, आपलं निशाण फडकवत. व्यापारी म्हणून राहायचं आणि लढाईत एका बाजूने गोळे टाकायचे, हे महाराज विसरणार थोडेच? १६६१ मध्ये राजापूर मारलं, वखार लुटली, वखारीचा मुख्य हेन्री रेव्हिंग्टन आणि त्याचे सोबती कैद झाले. त्यातल्या शेवटच्यांची सुटका व्हायला १६६३ उजाडलं. तेव्हापासून इंग्रजांचं एकच पालुपद: राजापूरची भरपाई द्या. पन्हाळ्याचं नाव मात्र तोंडातून निघत नसे. वर्गात हा भाग शिकवताना पोरं हमखास विचारायची, ‘बाई, मग चूक कोणाची?’ मी फळ्यावर आधी १६६० लिहायची, त्याखाली १६६१, आणि खडू ठेवून द्यायची.

भरपाईसाठी ऑक्झेंडनच्या आधी बरेच जण खेटे घालून गेले. १६७२ त स्टीफन उस्टिक, १६७३ त थॉमस निकोल्स रायगडावर. दोघेही गोड बोलणं ऐकून परतले. आणि १६७४ च्या वसंतात, साहेब मंडळींच्या आधी, गड चढला तो नारायण शेणवी. माझ्या मते या सगळ्या गोष्टीतला मुख्य माणूस हाच, आणि पाठ्यपुस्तकात नेमकं त्याचंच नाव नाही.

नारायण शेणवी हा कंपनीचा दुभाषा. दुभाषा म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे कानाशी कुजबुजणारा माणूस येतो. याचं काम त्याहून मोठं होतं. कोणाला आधी भेटायचं, कोणाला काय नजर करायचं, महाराजांची मर्जी आज कशी आहे, कलम कुठे अडणार, हे सगळं साहेबाला आधी कळवणारा हा. त्या वसंतात तो गडावर पोचला तेव्हा महाराज राणी काशीबाईंच्या सुतकात होते, म्हणून महाराजांचे न्यायाधीश निराजीपंत यांच्याकडे थांबला. तिथून त्याने मुंबईला जे पत्र धाडलं, त्यात राज्याभिषेकाची तयारी चालल्याची बातमी आहे, आणि प्रतापराव गुजर दोन डोंगरांमधल्या अरुंद वाटेत अवघ्या सहा स्वारांनिशी पडल्याचीही. ते सहा स्वार आज प्रत्येक मराठी पोराला ठाऊक आहेत. घटनेनंतर दीड महिन्याच्या आत ते कागदावर उतरवणारा हा कंपनीचा नोकर होता.

मग मेच्या मध्याला ऑक्झेंडन निघाला. बरोबर जॉर्ज रॉबिन्सन आणि थॉमस मिचेल हे दोन इंग्रज, आणि अर्थात शेणवी. गडाखाली पोचले तर महाराज प्रतापगडला भवानीच्या दर्शनाला गेलेले. बसा पाचाडला वाट बघत. मे महिन्यात पाचाडला वाट बघणं काय असतं ते मला विचारा. रोपवे नव्हता तेव्हा मी दोनदा शाळेची सहल मेमध्ये नेली, मुख्याध्यापकांना सुचलं म्हणून. पायऱ्यांचा दगड चपलेतून भाजतो, वारा पडलेला, आणि वर बघितलं की बुरूज जिथल्या तिथेच.

महाराज परतले, मंडळी वर गेली, आणि २६ मे रोजी निराजीपंतांनी भेट घडवली. भेट गोड झाली. कामाचं मात्र सगळं पुढे ढकललं गेलं, कारण गडावर लग्नघराहून मोठी घाई. मुंज, होम, तुला. महाराजांची सोन्याने तुला झाली ती १६,००० होन (तेव्हाचं सोन्याचं नाणं) भरली, हा आकडा ऑक्झेंडनने टिपून ठेवलाय. व्यापाऱ्याची नजर, दुसरं काय.

या दिवसांतली एक गंमत डॉक्टर जॉन फ्रायरने लिहून ठेवली आहे. तो त्या वेळी कंपनीच्या नोकरीत मुंबईला होता. गडावर पाहुण्यांना मिळायची खिचडी. डाळ, तांदूळ आणि वर तूप. (फ्रायर म्हणतो, या लोकांच्या जेवणात फारसा पालट नसतो. डाळ-तांदळावर तूप ओतलेलं पान पुढे आलं, तर आमच्याकडे त्याला यजमानाने उपाशी ठेवलं म्हणत नाहीत. असो.) साहेबांना मांसाशिवाय चालेना, तेव्हा तिथल्या थोड्या मुसलमान वस्तीला मटण पुरवणाऱ्या म्हाताऱ्या खाटकाला सांगून रोज अर्धा बकरा सुरू झाला. काही दिवसांनी तो म्हातारा धापा टाकत गड चढून वर आला. कशाला? तर एवढ्या थोड्या दिवसांत, एरवी कित्येक वर्षांत खपलं नव्हतं एवढं मटण खपवणारी ही माणसं दिसतात तरी कशी, ते बघायला.

आता ६ जून. ऑक्झेंडन सकाळी दरबारात गेला. त्याने जे पाहिलं ते नीट लिहिलंय: सिंहासनाच्या दोन्ही बाजूंना सोन्याच्या टोकांचे भाले, उजवीकडे मोठाल्या दातांची सोन्याची दोन मत्स्यमुखं, डावीकडे घोड्यांची पुच्छं आणि एका उंची भाल्याच्या टोकाला समतोल ठेवलेला सोन्याचा तराजू, न्यायाची खूण म्हणून. दाराशी दोन लहान हत्ती आणि सोन्याचे लगाम घातलेले दोन घोडे. हत्ती एवढ्या अवघड वाटेने वर चढवले तरी कसे, हे कोडं त्याला सुटलं नाही.

आणि ती अंगठी. आमच्या शाळेच्या कार्यालयात राज्याभिषेकाची तसबीर होती. तीत टोपी काढून वाकलेला इंग्रज पुढे, हातात तबक. एकतीस वर्षं मी हजेरीपटावर सही करताना त्या तबकाकडे बघत आले. निवृत्तीनंतर ऑक्झेंडनची हकीकत सावकाश वाचायला मिळाली. तो स्वतः लिहितो की मी लांबून मुजरा केला, आणि नजर करायची हिऱ्याची अंगठी नारायण शेणवीने वर उचलून धरली. तेव्हा महाराजांचं लक्ष गेलं. त्यांनी जवळ बोलावलं, थेट सिंहासनाच्या पायाशी. पोशाख दिला आणि निरोप दिला. गर्दीत हात वर करून अंगठी धरलेला माणूस आपल्याच किनाऱ्यावरचा, त्या तसबिरीत मात्र त्याला जागा मिळालेली नव्हती.

तह झाला १२ जूनला, दुसऱ्या दिवशी मंडळी गड उतरली. (आणखी चार दिवसांनी पाचाडला जिजाऊसाहेब गेल्या.) तहात सुमारे वीस कलमं. राजापूर, दाभोळ, चौल, कल्याण इथे वखारी घालायला परवानगी, मालावर अडीच टक्के जकात. दोन कलमांवर मात्र घासाघीस झाली आणि मला तीच सगळ्यांत वाचनीय वाटतात.

एक, मुंबईचं नाणं महाराजांच्या मुलखात चालावं. उत्तर काय आलं? आम्ही कोणाचंच नाणं अडवत नाही, पण ज्यात रयतेला खोट बसेल ते घ्या म्हणून तिच्यावर सक्तीही करणार नाही. तुमचं नाणं वजनाला आणि कसाला इतरांसारखं उतरलं तर आपोआप चालेल. दुसरं, वादळात किनाऱ्याला लागलेली इंग्रजांची गलबतं मालासकट परत मिळावीत. हे तर कोकणच्या रिवाजाच्या मुळावरच येत होतं. गलबत ज्याच्या किनाऱ्याला लागेल ते त्याचं. आणि इंग्रजांना सूट दिली की उद्या फ्रेंच आणि वलंदेज, म्हणजे डच, दारात उभे. जंजिऱ्याच्या सिद्दीशी सलोखा करा असंही ऑक्झेंडन सुचवणार होता. शेणव्याने त्याला आधीच सांगितलं होतं की त्या विषयात हशील नाही. तसंच झालं.

भरपाईचा हिशेब मी वर्गात उदाहरण म्हणून घालायची. रक्कम ठरली १०,००० होन. रोख काही नाही! इंग्रजांनी तीन वर्षं दरसाल ५,००० होनांचा माल महाराजांकडून घ्यायचा आणि पैसे निम्मेच द्यायचे. म्हणजे त्यांचे फिटले ७,५००. उरलेले २,५०० राजापूरच्या जकातीतून वळते करायचे. म्हणजे भरपाई हवी तर आमच्याकडे माल घ्यायला या, आमच्या बंदरात वखार उघडा. राजापूरची वखार १६७५ च्या सुमारास पुन्हा उघडली खरी, पण फार वर्षं टिकली नाही, आणि भरपाईच्या कटकटी चालूच राहिल्या.

रोह्याच्या एका वाचकाने कान धरला आहे: ‘मागे एका उत्तरात आपण ऑक्झेंडन नागोठण्याच्या खाडीने गेला असं लिहिलंत. तो आमच्या कुंडलिकेतून आला होता.’

चूक माझी, शंभर टक्के. नागोठणं माझं माहेर, हात तिकडे वळला. तो मुंबईहून निघून रात्री नऊच्या सुमारास आमच्याकडे, म्हणजे पोर्तुगीजांच्या चौलला पोचला. तेव्हा कोटाचे दरवाजे बंद झाले होते. ती रात्र मंडळींनी कोटाबाहेरच्या एका लहानशा चर्चमध्ये काढली. दुसऱ्या दिवशी वरच्या चौलला, जिथे महाराजांचा अंमल होता; तिथून होडीने खाडी चढून अष्टमीला, आणि पुढे निजामपूरवरून रायगडाकडे. आज त्याच पोर्तुगीज कोटाच्या भिंतीतून आमचा रस्ता जातो. समोरासमोर दोन एसट्या आल्या की एकीला मागे जावं लागतं आणि मागच्या रिक्षावाल्यांची भाषा ऐकण्यासारखी असते. दरवाजा नाही, पण अडून राहायची सोय अजून आहे.

श्रीवर्धनहून: ‘राज्याभिषेकाची खरी तारीख ६ जून की १६ जून? इंटरनेटवर दोन्ही सापडतात.’

तिथी एकच: ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी, शके १५९६. इंग्रज तेव्हा जुनं ज्युलियन कॅलेंडर वापरत, त्यात तो दिवस ६ जून. आज आपण वापरतो त्या कॅलेंडरात तोच दिवस दहाने पुढे, १६ जून. इंग्रजांनी आपलं कॅलेंडर बदललं ते १७५२ त. म्हणजे चौलच्या कोटात बसलेला पोर्तुगीज आणि त्याच्या दाराबाहेर झोपलेला ऑक्झेंडन यांच्या तारखांत दहा दिवसांचं अंतर होतं. भांडू नका, तिथी धरा.

दापोलीहून एक शिक्षिका विचारतात: ‘मग इंग्रजांचा कायमचा वकील मराठ्यांच्या दरबारी कधी आला?’

जवळजवळ शंभर वर्षांनी. मधल्या काळात येणं-जाणंच चालू होतं. १७३९ मध्ये वसई पडली तेव्हा इंग्रजांच्या पोटात गोळा आला, आणि त्यांनी कॅप्टन इंचबर्डला चिमाजी आप्पांकडे आणि कॅप्टन गॉर्डनला शाहू महाराजांकडे धाडलं. १७५६ त स्पेन्सर आणि बायफील्ड पुण्याला गेले. त्या तहात तुमच्या शेजारचं बाणकोट इंग्रजांना मिळालं. थॉमस मॉस्टिन १७६७ त एकदा येऊन गेला आणि १७७२ पासून पुण्यात राहू लागला.

याच सुमारास एक पात्र आमच्या गावाने पाहिलं. १७७७ साली सेंट लुबिन नावाचा फ्रेंच चौलच्या बंदरात उतरला. आपण फ्रान्सच्या राजाचे वकील आहोत, असं सांगत. ऑक्झेंडनने राजाचं नाव सांगितलं नव्हतं, याने पहिल्या वाक्यात सांगितलं, आणि ऐट तशीच. नाना फडणविसांनी पुण्यात त्याचा थाटात सत्कार केला. नानांना त्याच्या शब्दाची किंमत कळत नव्हती असं मला वाटत नाही. त्यांना मुंबईकर इंग्रजांची झोप उडवायची होती, आणि ती उडाली. पुढच्याच वर्षी इंग्रजांशी पुन्हा लढाई जुंपली, त्या भीतीचाही त्यात वाटा होता.

खरा मांडून बसला तो चार्ल्स मॅलेट, १७८६ पासून. मुळा-मुठेच्या संगमावर त्याची रेसिडेन्सी उभी राहिली: बंगले, बाग, कारकून, शिपाई. आपण वकिलात म्हणतो ती वस्तू पहिल्यांदा ही. ५ नोव्हेंबर १८१७ ला, खडकीच्या लढाईच्या दिवशी, ती पेशव्यांच्या लोकांनी जाळली. तेव्हाचा रेसिडेंट एल्फिन्स्टन त्याआधीच बाहेर पडला होता. पुढच्या वर्षी पेशवाईच राहिली नाही.

गुहागरहून: ‘आपला कोणी वकील विलायतेला गेला होता का? की आपण नुसते येणाऱ्यांचे मुजरेच घेत होतो?’

प्रश्नातला ठसका आवडला. गेले होते. १७८१ मध्ये राघोबादादांचे वकील लंडनला होते: हणमंतराव नावाचा ब्राह्मण, आणि मणियार रतनजी हा पारशी, मुलाला घेऊन. कंपनीकडून राघोबांना जे हवं होतं ते थेट विलायतेत मागायला. लंडनमध्ये त्यांचे हाल झाले. सोवळं-ओवळं सांभाळून स्वयंपाक करायचा तर जागा कुठली? तेव्हा पार्लमेंटचे सभासद एडमंड बर्क यांनी त्यांना आपल्या बीकन्सफील्डच्या घरी नेलं आणि बागेतलं काचेचं घर मोकळं करून दिलं. त्यात त्यांनी आपली चूल मांडली. साहेबाच्या झाडांना उबेत ठेवण्यासाठी बांधलेल्या त्या काचघरात ओलं नेसून भात उकडणारा हणमंतराव मला डोळ्यांपुढे स्पष्ट दिसतो, आणि रायगडावरच्या अर्ध्या बकऱ्याची फिट्टंफाट झाल्यासारखी वाटते. हेच बर्क पुढे कंपनीचा गव्हर्नर जनरल राहिलेल्या वॉरन हेस्टिंग्जवर तुटून पडले.

दुसरे रंगो बापूजी. साताऱ्याच्या प्रतापसिंह महाराजांना इंग्रजांनी १८३९ त गादीवरून काढलं, त्यांची फिर्याद घेऊन हे लंडनला गेले आणि जवळपास चौदा वर्षं तिथे राहिले. धनी मधेच, १८४७ त, काशीला वारले. वकील तरीही हटला नाही. सभांत बोलला, छापील पत्रकं वाटली, कर्ज काढलं. १८५३ त हात हलवत परतला. त्यांच्याबद्दल चार ओळींत लिहिणं बरोबर नाही, पुढच्या अंकात सविस्तर लिहीन.

ज्या दोघांची शाई फुटली त्यांना विनंती: एक पत्र मुरुडचं असावं, दुसऱ्यावर फक्त ‘बाईंना स. न.’ एवढंच वाचता येतंय. पुन्हा लिहा, आणि पाऊस उघडेपर्यंत बॉलपेनने लिहा.